गृहकर्जाची खरी किंमत कशी मोजावी? व्याजाची नुसती बेरीज पुरेशी आहे का?

प्रश्न: पहिलेघर

पहिले घर घेण्याचे ठरले आहे आणि कर्जाच्या दोन पर्यायांपैकी एक निवडायचा आहे. मुद्दल 50 लाख, व्याजदर वार्षिक 9 टक्के, व्याज दरमहा घटत्या शिलकीवर. मुदत 20 वर्षांची घेतली तर हप्ता 44,986 बसतो आणि 30 वर्षांची घेतली तर 40,231. कर्ज देणाऱ्या संस्थेतील अधिकाऱ्यांनी 30 वर्षांचाच आग्रह धरला. त्यांच्या मते हप्ता हलका राहिलेला बरा, पुढे उत्पन्न वाढले की हवे तेव्हा जास्त भरता येईल.

घरी येऊन वहीत साधा गुणाकार केला आणि दचकलो. 20 वर्षांत एकूण 1 कोटी 7 लाख 97 हजार भरायचे, म्हणजे व्याज 57 लाख 97 हजार. 30 वर्षांत एकूण 1 कोटी 44 लाख 83 हजार, म्हणजे व्याज 94 लाख 83 हजार. दरमहा 4,755 वाचवण्यासाठी जवळपास 37 लाख जास्त मोजायचे, असा त्याचा अर्थ होतो. धाकट्या भावाला हे दाखवले तर तो म्हणाला की माझी बेरीजच चुकीची आहे, कारण आजचे 40 हजार आणि 30 वर्षांनंतरचे 40 हजार एकाच रकान्यात लिहून त्यांची बेरीज करता येत नाही. त्याचे म्हणणे पटते, पण मग या कर्जाची खरी किंमत म्हणून कोणता आकडा धरायचा? आणि या दोन आकड्यांत न दिसणारे आणखी काय असते?

उत्तर: आकडेमोड

किंमत कोणती हे ठरवण्याआधी हे व्याज तयार कसे होते ते पाहावे, कारण बहुतेक लोक हप्त्याची रक्कम पाठ करतात आणि परतफेडीचा तक्ता कधी उघडत नाहीत.

आपल्या 20 वर्षांच्या कर्जाचा पहिला महिना घ्या. 50 लाखांवर वार्षिक 9 टक्के म्हणजे महिन्याला पाऊण टक्का, म्हणून व्याज 37,500. हप्ता 44,986 असल्यामुळे मुद्दलात जमा होतात फक्त 7,486. पुढच्या महिन्यात व्याज 56 ने कमी होते आणि मुद्दलाचा वाटा तेवढाच वाढतो. ही वाढ सुरुवातीला मुंगीच्या पावलांनी होते. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता आपण सुमारे 27 लाख भरलेले असतील, पण त्यांपैकी मुद्दलात गेलेले असतील जेमतेम 5 लाख 65 हजार. शिल्लक 44 लाख 35 हजार. निम्मी मुदत, म्हणजे दहा वर्षे, संपल्यावरसुद्धा 35 लाख 51 हजार शिल्लक राहतात. मुद्दल 25 लाखांवर यायला पूर्ण 14 वर्षे लागतात.

यात कोणाची लबाडी नाही. लोक म्हणतात की संस्था आधी व्याज वसूल करून घेते आणि मुद्दल मागे ठेवते, पण प्रत्येक महिन्याला त्या महिन्याच्या शिलकीवरच व्याज लागते आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते, एवढेच त्यामागचे कारण आहे.

आता एक गोष्ट, जी मला स्वतःला तक्ता मांडेपर्यंत जाणवली नव्हती. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा कधी होतो, हे एकूण मुदतीवर नव्हे, तर उरलेल्या मुदतीवर ठरते. 9 टक्के दराला हे वळण शेवटचे 92 हप्ते उरले की येते. रक्कम दुप्पट व्हायला लागणारी वर्षे काढण्यासाठी 72 ला व्याजदराने भागतात, तोच ठोकताळा येथेही लागू पडतो: 72 भागिले 9 म्हणजे आठ वर्षे, प्रत्यक्षात त्याहून थोडी कमी. 20 वर्षांच्या कर्जात हे वळण 149व्या हप्त्याला येते. 30 वर्षांच्या कर्जात ते 269व्या हप्त्याला, म्हणजे साडेबावीस वर्षे होत आल्यावर. थोडक्यात, मुदत 20 ची 30 केली की शेवटची आठ वर्षे तशीच राहतात आणि वाढीव दहा वर्षे सगळीच्या सगळी व्याजप्रधान भागाला जोडली जातात. आपल्याला दिसलेले 37 लाख तेथून आले आहेत.

उत्तर: निवृत्त लेखापाल

आकडेमोड यांनी मांडलेले गणित बिनचूक आहे, परंतु मूळ प्रश्नातील वादात आपले बंधू बरोबर आहेत. हिशेबाच्या वह्यांत आयुष्य घालवलेल्या माणसाला ‘इतके लाख व्याज गेले’ हे वाक्य नेहमीच अर्धवट वाटते, कारण त्यात ते केव्हा गेले याचा उल्लेख नसतो.

महागाई दरसाल 5 टक्के धरू. हा केवळ गृहीत धरलेला आकडा आहे, भाकीत नव्हे. या दराने 20 वर्षांनंतरचा शेवटचा 44,986 चा हप्ता आजच्या क्रयशक्तीत सुमारे 17 हजारांचा ठरतो. सर्व 240 हप्ते याच रीतीने आजच्या पैशात आणून मिळवले, तर बेरीज 68 लाख 80 हजारांच्या आसपास येते. 30 वर्षांच्या 360 हप्त्यांची अशीच बेरीज सुमारे 75 लाख 90 हजार होते. म्हणजे दोन पर्यायांतील फरक 37 लाखांचा नसून आजच्या पैशात साधारण 7 लाखांचा आहे. तो लहान नाही, पण झोप उडवण्याइतकाही नाही.

याच्या पुढची पायरी अधिक महत्त्वाची आहे. महागाईऐवजी कर्जाचाच 9 टक्के दर वापरून हप्ते आजच्या किमतीत आणले, तर 20 वर्षांच्या हप्त्यांची किंमत बरोबर 50 लाख येते आणि 30 वर्षांच्या हप्त्यांचीही बरोबर 50 लाखच येते. हप्ता काढण्याचे सूत्रच असे रचलेले असल्याने दुसरे काही येणे शक्य नाही. त्यामुळे लांब मुदत स्वस्त की महाग, याचे उत्तर कर्जाच्या कागदावर सापडत नाही. वाचलेले 4,755 आपण दरमहा कोठे ठेवणार, यावर ते अवलंबून आहे. कर वजा जाता आणि जोखीम लक्षात घेता 9 टक्क्यांहून अधिक मिळणार असतील, तर लांब मुदत फायद्याची. कमी मिळणार असतील किंवा ती रक्कम नकळत घरखर्चात विरघळून जाणार असेल, तर लांब मुदत महाग पडणार. माझ्या अनुभवात ती बहुतेकदा विरघळतेच. अधिकारी ‘हवे तेव्हा जास्त भरा’ म्हणतात, पण हप्ता जसा ठरलेल्या तारखेला खात्यातून वळता होतो, तशी ही ऐच्छिक भर होत नाही.

महागाईच्या युक्तिवादालाही एक अट आहे. पैशाची किंमत घसरते म्हणून हप्ता हलका होतो, असे नाही; आपले उत्पन्न महागाईच्या मागोमाग वाढले तरच तो हलका होतो. ज्याचे उत्पन्न दहा वर्षे जागच्या जागी राहिले, त्याला महागाई कर्ज फेडायला मदत करत नाही, उलट बाकीचा घरखर्च वाढवून हप्त्यासाठी उरणारी रक्कम कमी करते.

पहिलेघर

दोन्ही उत्तरांबद्दल आभार. आजच्या पैशातील फरक 7 लाखांवर येतो हे वाचून थोडा धीर आला. एक गोष्ट मूळ प्रश्नात लिहायची राहिली: व्याजदर स्थिर नसून बदलता आहे. मात्र दर वाढला तरी हप्ता वाढणार नाही, तो 44,986 च राहील, असे आश्वासन मिळाले आहे. त्यामुळे त्या बाजूने काळजीचे कारण नसावे, असे धरून चाललो आहे.

उत्तर: जुना कर्जदार

काळजी त्याच बाजूने करावी, असे माझे स्पष्ट मत आहे. हे मी शहाणपणाने नव्हे, तर ठेच लागल्यावर लिहितो आहे.

माझेही कर्ज बदलत्या दराचे होते आणि मलाही हप्ता बदलणार नाही असेच सांगण्यात आले होते. तो खरोखरच बदलला नाही. पहिली काही वर्षे खात्यातून तीच रक्कम जात होती आणि मी निश्चिंत होतो. नंतर एका कामासाठी शिलकीचा दाखला मागवला, तेव्हा त्यावर ‘उरलेले हप्ते’ या ओळीसमोरचा आकडा कर्ज घेतले त्या दिवशीच्या आकड्यापेक्षा मोठा होता. मला प्रथम छपाईची चूक वाटली. चूक नव्हती. मधल्या काळात दर वाढत गेला होता आणि हप्ता तोच ठेवण्यासाठी मुदत गुपचूप लांबवली गेली होती. गुपचूप म्हणणेही तसे अन्यायाचेच, कारण कळवणारी पत्रे आली होती. ती फोडून वाचण्याचे कष्ट मी घेतले नव्हते.

आपल्याच आकड्यांवर हे करून पाहिले. एका वर्षानंतर शिल्लक 49 लाख 6 हजार असेल आणि 228 हप्ते उरलेले असतील. तेव्हा दर 9 वरून 10 टक्के झाला आणि हप्ता 44,986 च राहिला, तर उरलेले हप्ते 228 ऐवजी 289 होतात. एका टक्क्याने पाच वर्षे वाढली. आता दर 11 टक्के झाला असे धरा. त्या शिलकीवरचे महिन्याचे व्याज 44,975 येते. हप्त्यातून ते वजा केले की मुद्दलासाठी उरतात 11. हजार वगैरे काही नाही, नुसते 11. त्या गतीने कर्ज फिटायला जवळपास 76 वर्षे लागतात. दर आणखी किंचित वर गेला, तर हप्ता व्याजालाही पुरत नाही आणि नियमित भरत असूनही कर्ज वाढू लागते. म्हणूनच एका मर्यादेनंतर कोणतीही संस्था हप्ता वाढवायला सांगतेच, मग आश्वासन तोंडी कसेही दिलेले असो.

30 वर्षांच्या पर्यायात ही मर्यादा आणखी जवळ असते, कारण पहिल्या महिन्याच्या 40,231 मध्ये मुद्दलाचे फक्त 2,731 आहेत. दराने अर्ध्या टक्क्याहून थोडी जास्त उसळी घेतली की ते संपले. लांब मुदतीचा हा धोका मला 37 लाखांच्या त्या बेरजेपेक्षा मोठा वाटतो, कारण ती बेरीज निदान आधी दिसते तरी.

मुदतपूर्व फेडीबद्दलही सांगतो, कारण मी शेवटी त्याच मार्गाने बाहेर पडलो. दर 9 टक्केच राहिला आणि पहिल्या वर्षाअखेरीस 2 लाख मुद्दलात भरले, तर शेवटचे साधारण साडेबावीस हप्ते कमी होतात आणि सुमारे 8 लाख 10 हजार व्याज वाचते. तेच 2 लाख दहाव्या वर्षाअखेरीस भरले, तर साडेदहा हप्ते आणि सुमारे 2 लाख 70 हजार वाचतात. म्हणून जे काही भरायचे ते सुरुवातीला भरा. भरताना मात्र मुदत कमी करायची की हप्ता, असे विचारले जाते. तेथे मुदत कमी करा असे लेखी द्या, नाहीतर हप्ता थोडा कमी होतो आणि तारीख तेथेच राहते.

उत्तर: निवृत्त लेखापाल

जुना कर्जदार यांच्या शेवटच्या परिच्छेदावर एक दुरुस्ती सुचवतो. पहिल्या वर्षी भरलेल्या 2 लाखांनी 8 लाख वाचतात आणि दहाव्या वर्षी भरलेल्या 2 लाखांनी पावणेतीन, हे खरे आहे. परंतु त्यामुळे पहिला सौदा तिप्पट फायद्याचा ठरत नाही. दोन्ही ठिकाणी त्या 2 लाखांवर दरसाल 9 टक्केच मिळत आहेत. पहिल्या वेळी ते 9 टक्के अधिक वर्षे मिळतात, इतकाच फरक. हे लिहिण्याचे कारण असे की ‘आठ लाख वाचतात’ हे वाचून काही जण अडीअडचणीसाठी ठेवलेली गंगाजळीही कर्जात भरून टाकतात आणि सहा महिन्यांनी नोकरीत खंड पडला की दुप्पट व्याजाने वैयक्तिक कर्ज काढतात. घरात भिंतीच्या रूपाने अडकलेला पैसा परत काढणे सोपे नसते. किमान सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवल्यानंतरच मुदतपूर्व फेडीचा विचार करावा.

बदलत्या दराविषयी त्यांनी जे लिहिले आहे, त्याच्याशी मात्र मी पूर्णपणे सहमत आहे आणि ते माझ्या उत्तरातून सुटले, हे मान्य करतो. माझे सारे गणित दर 20 वर्षे 9 टक्केच राहील यावर उभे होते.

उत्तर: आकडेमोड

मूळ प्रश्नातील ‘आणखी काय असते’ हा भाग राहिला आहे. त्यात दोन गोष्टी मला महत्त्वाच्या वाटतात.

पहिली म्हणजे सुरुवातीचे खर्च. प्रक्रिया शुल्क, मालमत्तेचे मूल्यांकन, कागदपत्रांची कायदेशीर तपासणी, गहाणखताची नोंदणी आणि बहुतेकदा गळ्यात बांधला जाणारा विमा. हे सारे मिळून समजा मुद्दलाच्या 1 टक्का, म्हणजे 50 हजार झाले. याचा अर्थ हातात 49 लाख 50 हजार आले आणि हप्ता 50 लाखांचा भरायचा. पूर्ण 20 वर्षे कर्ज चालवले, तर त्यामुळे प्रत्यक्ष दर 9 ऐवजी साधारण 9.14 पडतो. पाच वर्षांतच घर विकून कर्ज बंद केले, तर तोच खर्च पाच वर्षांवर वाटला जातो आणि प्रत्यक्ष दर सव्वानऊच्या किंचित वर जातो. विम्याचा हप्ता एकरकमी कर्जातच मिळवला असेल, तर त्यावरही 20 वर्षे व्याज चालू राहते; ही रक्कम शक्य असल्यास वेगळी भरावी.

दुसरी गोष्ट कर्ज दुसऱ्या संस्थेकडे वळवण्याची. पाच वर्षांनी कोणी तरी 8.5 टक्क्यांचा प्रस्ताव घेऊन येईल आणि हप्ता 44,986 वरून 38,491 वर येईल असे दाखवेल. त्यात खोटे काही नसेल. पण तो हप्ता नव्याने 20 वर्षांच्या मुदतीवर काढलेला असेल. आधी भरलेले 27 लाख धरले, तर एकूण भरणा सुमारे 1 कोटी 19 लाख होतो, म्हणजे दर कमी होऊनही मूळ कर्जापेक्षा 11 लाखांहून जास्त. उरलेली 15 वर्षेच मुदत ठेवली, तर हप्ता 43,677 येतो आणि एकूण 2 लाख 36 हजार वाचतात, त्यातून वळवण्याचा खर्च वजा करायचा. निवृत्त लेखापाल म्हणतील की वेगवेगळ्या वर्षांचे पैसे मी पुन्हा एका रकान्यात मिळवले. मिळवले खरे, पण येथे मुद्दा एवढाच की वाचलेले दिसणारे 6,495 बहुतांशी दरामुळे नव्हे, तर घड्याळ पुन्हा शून्यावर आणल्यामुळे दिसतात.

घराची देखभाल, मालमत्ता कर, दुरुस्ती हे खर्च कर्जाचे नसून मालकीचे आहेत, कर्ज न काढताही ते असतातच. म्हणून ते मासिक ताळेबंदात धरावेत, कर्जाच्या किमतीत नको.

पहिलेघर

सर्वांचे मनापासून आभार. काल रात्री परतफेडीचा तक्ता एक्सेलमध्ये स्वतः मांडला. हप्त्यासाठी पीएमटी हे सूत्र वापरले आणि व्याजदराचा रकाना दरमहा बदलता येईल असा ठेवला. तेराव्या महिन्यात 11 टक्के घातले आणि मुद्दलाच्या रकान्यात खरोखर 11 उमटले. भावालाही दाखवले. बराच वेळ तो काही बोलला नाही, मग 30 वर्षांच्या तक्त्यातही तेच करून पाहू या म्हणाला. तेथे तेराव्या महिन्यात मुद्दल वजा चिन्हासह आले.

20 वर्षांचाच पर्याय घेण्याचे ठरवले आहे, मात्र कर्ज 50 लाखांऐवजी 46 लाखांचे. उरलेल्या रकमेसाठी घराची अंतर्गत सजावट वर्षभर पुढे ढकलली आहे. यामुळे हप्ता 41,387 येतो, म्हणजे 30 वर्षांच्या हप्त्यापेक्षा फक्त 1,156 जास्त. सोमवारी संस्थेत जाऊन दोन गोष्टी लेखी मागणार आहे: दर बदलल्यास मुदत न वाढवता हप्ता वाढवण्याचा पर्याय आणि मुदतपूर्व फेडीवर दंड आहे की नाही.

उत्तर: जुना कर्जदार

तिसरीही एक मागा: दर बदलल्यावर तो आपल्या खात्याला किती दिवसांनी लागू होतो आणि वाढताना व उतरताना तो काळ सारखाच असतो का. माझ्या बाबतीत वाढ पुढच्याच महिन्यात लागू होत असे आणि घट लागू करून घेण्यासाठी मला अर्ज करावा लागला होता.